चावी एका रात्रीपुरती

६ जानेवारी

दादा,

पत्ता मावशीकडून घेतला. ती म्हणाली, फोन करू नकोस, तो उचलत नाही आणि उचललाच तर अर्ध्यात ठेवतो. पत्र लिही, निदान पत्राला मधे तोडता येत नाही. म्हणून लिहितो आहे.

दुकानाचा दावा कोर्टाने मध्यस्थीकडे पाठवला आहे. समन्स तुलाही आले असेल, कारण बाबांच्या मागे भाडेकरू म्हणून आपण तिघे आहोत: आई, तू आणि मी. दावा म्हाताऱ्या मालकांच्या मुलीच्या नावाने आहे. मालक मागच्या वर्षी गेले. पण बोलतात, धावतात, वकील करतात ते सगळे त्यांचे जावईच. गल्लीत त्यांना आता जावईबापूच म्हणतात. त्यांचे म्हणणे असे की खोली तुमच्या वडिलांना दिली होती, वडील राहिले नाहीत, आता खोली सोडा. भाडे एकदाही थकलेले नाही, हे तेही मान्य करतात. आपली आणि शेजारची खोली एक करून त्यांना औषधांच्या दुकानाला द्यायची आहे.

जजसाहेब म्हणाले, एकमेकांचे तोंड रोज बघणारी माणसे आहात, आधी समोरासमोर बसा. आमचे वकील म्हणाले, जमले तर उत्तमच. निकालापर्यंत गेलो तर आपली बाजू लंगडी आहे, कारण लेखी करार एकही नाही.

तू म्हणशील, मी सांगतच होतो. सांगत होतास. म्हातारे मालक मोबदला द्यायला तयार होते तेव्हा तू खोली सोडा म्हणालास, बाबांना 'दुसऱ्याच्या भिंतींचे राखणदार' म्हणालास, आणि बाबा तुला जे म्हणाले ते मी लिहीत नाही. मी कपाटामागे होतो, सगळे ऐकले. पण त्यावर वाद घालायला हे पत्र नाही.

आत सगळे तू बघितलेस तसेच आहे. पुढे दोन बाके, मोटारींच्या वाइंडिंगचे मशीन आणि वार्निश वाळवायची भट्टी, मधे कपाट आडवे, मागे आईचा पलंग आणि ओटा. कामे कमी झाली आहेत. पंखा जळला तर लोक आता नवा घेतात. पण पाण्याचे पंप अजून येतात आणि त्यांवर आमचे दोघांचे भागते. दुसरीकडे खोली शोधून पाहिली. भट्टी आणि वार्निशचा वास म्हटले की घरमालक दार लोटतात, आणि जिथे भट्टी चालते तिथे राहू देत नाहीत. म्हणजे ही खोली गेली तर काम एकीकडे आणि आई एकीकडे. आईला आता एकटे ठेवण्यासारखे राहिलेले नाही. डोळे फार अधू झाले आहेत. शेगडी पेटली की नाही हे ती वरून हात धरून बघते.

पहिली बैठक १९ तारखेला आहे. तिघांनी यायचे आहे. बाबा गेले तेव्हा आलास तसा सकाळी येऊन संध्याकाळी गेलास तरी चालेल.

मास्तर

(हे नाव तूच ठेवलेले. आता आईसुद्धा त्याच नावाने हाक मारते.)


२० जानेवारी

दादा,

तू आला नाहीस. आई म्हणाली, गाडी उशिरा असेल. बैठक उठेपर्यंत तेच म्हणत होती.

मध्यस्थीची खोली कोर्टाच्या मागच्या अंगाला आहे. टेबल गोल आहे. गोल का, तर कुणी कुणाच्या डोक्यावर बसू नये म्हणून, असे शिपायाने सांगितले. तरी जावईबापूंनी पंख्याखालची खुर्ची पकडलीच. मध्यस्थबाई पूर्वी वकिली करायच्या. केस सगळे पांढरे आणि आवाज इतका हळू की ऐकायला आपणच पुढे वाकतो. त्यांनी आधीच सांगितले, "मी न्यायाधीश नाही. मी निकाल देत नाही. तुमचं तुम्ही ठरवायचं. आणि इथं बोललेलं या भिंतींबाहेर जात नाही, जजसाहेबांनाही कळत नाही. तेव्हा मोकळेपणानं बोला."

"मग त्यांना कळायचं कसं?" आईने विचारले.

सगळे हसले. आई हसली नाही.

जावईबापूंनी गोड सुरुवात केली. म्हणाले, काकू, आम्ही तुम्हाला कधी परकं मानलं का? आई म्हणाली, "परकं मानलं असतं तर नुसती नजर फिरवली असती. नोटीस आपल्याच माणसाला पाठवतात." त्यांची बायको, म्हणजे मालकीणबाई, खाली बघत होत्या. त्या काही वाईट वाटल्या नाहीत. लहानपणी आपल्या दुकानात येऊन तांब्याच्या तारेचे तुकडे बांगड्या करायला न्यायच्या ना, तसाच चेहरा आहे.

मग बाईंनी त्यांना बाहेर बसवले आणि आमच्याशी वेगळे बोलल्या. तुम्हाला नेमके काय हवे, असे विचारले. मी मुद्दे लिहून नेले होते, ते काढेपर्यंत आई बोलून मोकळी झाली. "मला ओटा पाहिजे आणि याला बाक पाहिजे. बाकीच्या भिंती त्यांना लखलाभ." बाईंनी ते कागदावर पेन्सिलीने काढले आणि बघत बसल्या. मग आम्हाला बाहेर पाठवून त्यांना आत घेतले. मग पुन्हा सगळे एकत्र.

दादा, तोडगा निघाला आहे. रस्त्याकडचा अर्धा भाग औषधवाल्यांना. मागचा अर्धा आपल्याला, दार बोळातून. आणि आयुष्यात पहिल्यांदा लेखी करार, तिघांच्या नावाने. मी काल घरी येऊन मापे घेतली. एक बाक आणि कपाट काढले तर मशीन, भट्टी आणि पलंग बसतात. गिऱ्हाइकाला बोळातून यावे लागेल, पण पंप जळलेला माणूस बोळातूनही येतो.

मी बाईंना म्हणालो, आत्ताच लिहून घ्या. त्या म्हणाल्या, "तिघांच्या सह्या हव्यात. एक माणूस नाही. अर्धवट कागद केला तर उद्या तोच तुमच्या गळ्याशी येईल. पुढच्या तारखेला थोरल्यांना आणा."

पुढची तारीख १० फेब्रुवारी. येणे जमत नसेल तर मुखत्यारपत्र दे. नमुना सोबत जोडला आहे, जिथे सही करायची तिथे मी पेन्सिलीने फुली केली आहे. तुला खोलीत राहायचे नाही, भाडे भरायचे नाही, काही करायचे नाही. फक्त त्या फुलीवर सही.

मास्तर


३ फेब्रुवारी

दादा,

सही केलेला कागद पाठवला असशील तर ठीक. पाठवला नसशील तर मावशीच्या पत्त्यावर पाठव, दुकानाच्या नको. आम्ही सध्या मावशीकडे आहोत. दुकान थोडे दिवस बंद आहे. काळजीचे काही नाही.

एका वसतिगृहाचा पंप आत राहिला आहे. त्यांचा माणूस रोज येऊन मावशीच्या दाराशी उभा राहतो. तिथल्या पोरांना आंघोळीला पाणी नाही. त्याला मी एकदा वार्निश वाळायचे आहे म्हणालो, एकदा तार मिळत नाही म्हणालो.

आई बरी आहे. तुला विचारते.

मास्तर


११ फेब्रुवारी

दादा,

मागच्या पत्रात मी काळजीचे काही नाही असे लिहिले. ते खरे नव्हते. आता सरळ सांगतो.

जानेवारीच्या शेवटच्या दिवसाची बाबांची पद्धत तुला आठवत असेलच. भाडेकरू खंड न पडता बसला की खोली त्याचीच होते, असे कुणीतरी म्हाताऱ्या मालकांच्या कानात भरवले होते. त्यांची झोप उडाली. म्हणून बाबा वर्षातून एकदा संध्याकाळी कुलूप लावून चावी त्यांच्या हातात ठेवायचे, त्या रात्री आपण सगळे मावशीकडे, आणि सकाळी चावी आणायला तू जायचास. मालक म्हणायचे, "घ्या राजे, तुमचा किल्ला." कायद्याच्या दृष्टीने त्याला काय अर्थ होता, देव जाणे. बाबा म्हणायचे, म्हाताऱ्याला एक रात्र झोप लागते, आपलं काय जातं.

हा विषय मध्यस्थीच्या बैठकीतच निघाला होता. ते मी तुला लिहिले नाही. तोडगा निघाल्यावर सगळे जरा सैल झाले होते. मालकीणबाई म्हणाल्या, ती चावी माझ्या वडिलांच्या उशाखाली असायची, मी चाचपून बघायचे. बोलता बोलता त्यांच्या डोळ्यांत पाणी आले. लगेच जावईबापू म्हणाले, "मग या वर्षीही पाळा की पद्धत. रात्री चावी हिच्याकडे, सकाळी तुमच्याकडे. करार होईपर्यंत हिच्या मनाला तेवढाच आधार." मध्यस्थबाईंनी चष्मा काढला आणि म्हणाल्या, "पुढच्या तारखेपर्यंत आहे तसंच राहू द्या. काही देऊ नका, काही घेऊ नका."

मी ते नीट ऐकले. पण मला वाटले, त्या खोलीच्या देण्याघेण्याबद्दल बोलत आहेत. चावी देणे हे देणे असते, असे मला कधी वाटलेच नाही. आपल्या घरात ती परत येण्यासाठीच दिली जायची. आई म्हणाली, याच वर्षी चुकवलं तर त्यांना वाटेल आपल्या पोटात काहीतरी आहे. वकिलांना विचारावे असे मनात आले होते. इतक्या साध्या गोष्टीला काय विचारायचे म्हणून नाही विचारले.

३१ तारखेला कुलूप लावले. चावी आईने स्वतः वर मालकांच्या घरी जाऊन दिली. बाबांच्या मागे तो मान तिचा, असे तीच म्हणाली. जावईबापू तिचा हात धरून जिना उतरवायला खालपर्यंत आले.

सकाळी मी गेलो. वाटेत दुकान लागते. आपल्या कुलपाच्या जागी दुसरे होते, मोठे, पितळी. मी वर गेलो. जावईबापू कुंड्यांना पाणी घालत होते. म्हणाले, "चावी? ती तर काकूंनी परत केली. ताबा मिळाला, आभारी आहे. बसा, चहा घेता?" मी म्हणालो, सकाळी परत द्यायचे ठरले होते. ते म्हणाले, "कुठे ठरलं? दाखवा कागद." आतून भांड्यांचा आवाज येत होता, तो थांबला. मालकीणबाई बाहेर आल्या नाहीत.

काल बैठक झाली. तुझा कागद आला नव्हता. त्यांचे वकील म्हणाले, ताबा मिळालेला आहे, आता मिटवण्यासारखे काही उरले नाही. मी म्हणालो, बाई, तुमच्यासमोर बोलले होते. बाई हो म्हणाल्या. मग त्यांनी एका ओळीचा अहवाल लिहिला: समेट झाला नाही. बस्स, एवढेच लिहायची त्यांना मुभा असते.

मी त्यांना बाहेरच्या व्हरांड्यात गाठले. म्हणालो, एवढे एक वाक्य जजसाहेबांना सांगा. त्या म्हणाल्या, "त्या खोलीतलं काहीही आठवायची मला परवानगी नाही." मग म्हणाल्या, "मी तुम्हाला सांगितलं होतं."

"हो."

"मग?"

आईला पायरी दिसत नव्हती म्हणून बाईंनीच तिचा दंड धरून खाली उतरवले.

वकिलांनी मला तासले. तो त्यांचा हक्कच आहे. शेवटी म्हणाले, एकच वाट आहे. चावी तुम्ही दिलीत, आईनं दिली. थोरल्यानं दिलेली नाही. त्यानं कोर्टात उभं राहून सांगावं की मीही भाडेकरू आहे, मी ताबा सोडलेला नाही, आणि रात्री दिलेली चावी सकाळी परत येते, ती मी स्वतः आणत होतो. मग दार उघडायला लावता येईल. तो आला नाही, तर कुलूप त्यांचं आणि खोलीही त्यांची.

तारीख २७ फेब्रुवारी.

दादा, बाबा तुला जे म्हणाले ते चूक होते. त्यांनी ते परत घेतले नाही, पण तू गेल्यावर तुझ्या बाकावर त्यांनी कुणाला बसू दिले नाही, मलासुद्धा. हे मी तू यावास म्हणून लिहीत नाही. असे म्हणतो आहे, पण म्हणूनच लिहितो आहे.

मास्तर


२८ फेब्रुवारी

दादा,

काल कोर्टात बाकावर तुझ्यासाठी जागा धरली होती. एका बाईने विचारले, इथे कुणी बसले आहे का? मी हो म्हणालो. त्या भिंतीला टेकून उभ्या राहिल्या. नंतर मलाच लाज वाटली.

जजसाहेबांनी विचारले, चावी तुम्ही स्वतःहून दिलीत? मी हो म्हणालो. कुणी जबरदस्ती केली? नाही. "परत मिळणार होती म्हणता, ते कुठे ठरलं?" मी तोंड उघडायच्या आत समोरचे वकील उठले. मध्यस्थीत झालेले बोलणे इथे काढता येणार नाही, म्हणाले. जजसाहेब म्हणाले, बरोबर आहे. मी आमच्या वकिलांकडे बघितले. त्यांनीही मान हलवली. नियमच तसा आहे, आणि नियम चांगला आहे, असे ते मला नंतर म्हणाले. नाहीतर त्या खोलीत कुणी खरे बोलणार नाही.

बाबांची पद्धत मात्र मी सांगितली. ती भिंतींच्या बाहेरची होती. जजसाहेबांनी शांतपणे ऐकून घेतली. चावी सकाळी परत मिळताना बघणारे तुमच्या बाजूने तुमच्या आणि आईशिवाय दुसरे कोण, असे विचारले. मी म्हणालो, माझा भाऊ.

"कुठे आहेत?"

"येत आहेत," मी म्हणालो.

ते थांबले. आमचा पुकारा सगळ्यांत शेवटी पुन्हा घेतला. तोपर्यंत मी दाराकडे बघत होतो. आई कान देऊन बसली होती, तिला तुझी चाल ओळखता येते म्हणून.

दार उघडून द्यावे हा आमचा अर्ज फेटाळला. ताबा त्यांच्याकडे राहील, सामान काढायला एक दिवस. मूळ दावा चालू राहील म्हणाले. मी वकिलांना विचारले, किती वर्षे? ते म्हणाले, "तुमची तब्येत ठणठणीत आहे ना?" विनोद होता. मी हसलो.

घरी आल्यावर मावशी म्हणाली, तुझा फोन येऊन गेला होता. तारखेच्या आधीच. "दुकानाशी माझा संबंध नाही, मी येणार नाही. आईला माझ्याकडे पाठवा." एवढे बोलून तू ठेवलास. तिने मला सांगितले नाही, कारण तिला वाटले मग मी कोर्टात जाणारच नाही. म्हणजे मी जागा धरून बसलो होतो तेव्हा तू येणार नाहीस हे मावशीला माहीत होते.

रागावलो नाही, असे लिहिणार होतो. हे पत्र मी दुसऱ्यांदा लिहितो आहे. पहिले फाडले.

आईने सगळे ऐकले. मला वाटले, नाही म्हणेल. ती म्हणाली, "जाते. त्याच्याकडे छप्पर आहे. तुझ्याकडे आता बाकसुद्धा नाही."

मास्तर


१० मार्च

दादा,

हे पत्र आईच्या हातात देतो आहे. तिला गाडीत बसवतो आहे, मावशीचे शेजारी सोबत येत आहेत, ते तिला तुझ्या दारात पोचवतील.

सामान निघाले. वसतिगृहाचा पंप सर्वांत आधी पोचवला. भट्टी भंगारात गेली, मशीन बाजारापलीकडच्या वाइंडिंगवाल्याने घेतले. मीही आता त्याच्याकडेच आहे. बाबा त्याला 'कोळसेवाला' म्हणायचे, कारण त्याची कॉइल वर्षात जळते. माणूस चांगला आहे. त्याने मला वरच्या माळ्यावर झोपायला जागा दिली, एकट्याला. आईचे विचारून पाहिले. त्याने शिडीकडे बोट दाखवले. खरेच, ती चढणार कशी?

काल त्या गल्लीतून जावे लागले. मधली भिंत पाडली आहे. मालकीणबाई रस्त्यात उभ्या राहून मजुरांना काही सांगत होत्या. मला बघून थांबल्या. बोलतील असे वाटले. मी सायकलवरून उतरलोसुद्धा. मग त्यांनी पदर नाकाला लावला, धूळ फार होती.

आता आईचे. डोळ्यांत थेंब सकाळ-संध्याकाळ घालायचे. ती घातले म्हणेल, पण ते गालावर पडलेले असतात, तूच घाल. जेवली का विचारलेस तर हो म्हणेल, त्यापेक्षा ताट समोर ठेव आणि बसून राहा. शेगडीजवळ जाऊ देऊ नकोस. तुला मधूनमधून मास्तर म्हणेल, तेव्हा दुरुस्त करू नकोस. पुढची तारीख कधी, असे विचारते. लांब आहे, एवढेच सांग.

दाव्यात तुझे नाव राहील. वकील म्हणतात, काढायचे तर तुलाच अर्ज द्यावा लागेल. मी तुला पुन्हा काही मागणार नाही. मी स्वतः तारखांना जात राहीन. का, ते विचारू नकोस. मलाही सांगता येणार नाही.

एक राहिले. तिला शांततेत झोप लागत नाही. इतकी वर्षे कपाटापलीकडे कुठली ना कुठली मोटार चाचणीसाठी फिरत असायची. मावशीकडे सगळे चिडीचूप असते, तिथे ती सारखी कूस बदलते. तुझ्या घरातला पंखा खरखरत असेल तर खरखरू दे. बेअरिंग गेले असेल किंवा तेल मागत असेल. तुला ते काम येते, हात शिवशिवतील. पण खोलू नकोस.

मास्तर